न भेटलेल्या माणसांची ओळख

अंबाजोगाईच्या एका महाविद्यालयात समाजशास्त्र शिकवणाऱ्या मॅडमनी मला विचारलेला प्रश्न असा आहे: "माझ्या वर्गातल्या साठ मुलांपैकी एकानेही आफ्रिकेतला माणूस समोरासमोर पाहिलेला नाही. तरीही 'ते लोक कसे असतात' हे प्रत्येकाला ठाऊक असते आणि साठही जणांची उत्तरे जवळजवळ सारखी येतात. हे येते कुठून? चित्रपट, मालिका, बातम्या आणि मोबाइलवरचे व्हिडिओ लोकांच्या मनात वांशिक ओळख घडवतात, असे पुस्तकांत लिहिलेले असते. ते कितपत खरे मानायचे, आणि वर्गात त्याबाबत काय करता येईल?"

मॅडम, मी समाजशास्त्राचा माणूस नाही. जालन्यातल्या एका फोटो स्टुडिओच्या डार्करूममध्ये मी कामाला सुरुवात केली, पुढे एका मराठी दैनिकाचा छायाचित्र विभाग आणि जिल्हा पाने यांत मिळून अठरा वर्षे काढली, आणि गेली दहा-बारा वर्षे मराठवाड्यातल्या महाविद्यालयांत माध्यमे कशी वाचावीत याच्या कार्यशाळा घेतो. त्यामुळे हे उत्तर चित्रे छापणाऱ्याचे आणि त्यांखाली ओळी लिहिणाऱ्याचे आहे, असे समजून वाचावे. माझे म्हणणे एवढेच की, माध्यमे आपल्या डोक्यात मते ओततात हे पुस्तकी विधान अर्धे खरे आहे. ज्या माणसांशी आपले येणेजाणे नाही त्यांच्याविषयी मनात एक मोकळी जागा असते आणि माध्यमे ती भरतात. जिथे आपली स्वतःची ओळख असते तिथे आपण पडद्याशी भांडतो, आणि जिथे ती नसते तिथे पडद्यावर दिसले तेच आपल्याला माहिती म्हणून पुरते.

आधी 'वंश' या शब्दाविषयी थोडे. मराठीत हा शब्द मुळात घराण्याचा आहे, आणि 'वंशाचा दिवा' म्हणताना कोणाच्या डोळ्यांसमोर कातडीचा रंग किंवा नाकाची ठेवण येत नाही. शरीराच्या लक्षणांवरून पडलेले माणसांचे गट हा अर्थ त्याला इंग्रजी अमलात चिकटला, आणि तो चिकटवण्यात मोजपट्टीचा मोठा हात होता. १९०१च्या जनगणनेचे आयुक्त हर्बर्ट रिस्ली हे नाकाची रुंदी आणि लांबी यांचे प्रमाण काढून त्यावरून भारतातल्या जाती वांशिक पायऱ्यांवर बसवू पाहत होते. बाबासाहेब आंबेडकरांनी १९४८मध्ये प्रसिद्ध झालेल्या 'द अनटचेबल्स' या ग्रंथात नाकाची तीच मापे पुढे ठेवली आणि ब्राह्मण व अस्पृश्य हे निराळ्या वंशांचे आहेत या समजुतीला त्या मापांतच आधार सापडत नाही, हे दाखवून दिले. १९७२ साली रिचर्ड लेवॉन्टिन या जनुकशास्त्रज्ञाने हिशेब मांडला तो असा की, माणसामाणसांत जी जनुकीय विविधता आढळते तिच्यापैकी सुमारे ८५ टक्के एकाच लोकसमूहाच्या आत असते. म्हणजे शरीरशास्त्राच्या बाजूने पाहिले तर वंशाची भिंत फारच पातळ आहे; पण भाड्याने खोली मागायला गेलेल्या माणसाला ती चांगलीच जाड लागते. शरीरात नसलेली ही जाडी येते कुठून, हाच तुमचा प्रश्न आहे असे मी धरतो.

माझ्या कार्यशाळेत वीस छायाचित्रांचा एक संच असतो. त्यांच्या खालच्या ओळी मी कापून टाकलेल्या आहेत. मुलांनी प्रत्येक चित्राखाली एक ओळ लिहायची, माणूस कोण, कुठला आणि काय करतो आहे. चौदाव्या छायाचित्रात कुरळ्या केसांचा, काळ्या कातडीचा, चाळिशीतला एक माणूस आहे. अंगात बनियन, कमरेला लुंगी, हातात कोयता आणि मागे सुपारीची झाडे. वसमतच्या एका वर्गात पस्तीस मुलांपैकी एकतीस जणांनी 'आफ्रिका' लिहिले, दोघांनी 'वेस्ट इंडीज', आणि उरलेल्या दोघांनी कागद कोरा ठेवला. कोयत्यामुळे काहींनी 'टोळीयुद्ध' असेही लिहिले. एका मुलाने तर देशाचे नाव, त्यात चाललेले यादवी युद्ध आणि त्या माणसाची बाजू इतके सगळे तीन ओळींत बसवले होते. बातमीदार म्हणून तो पोरगा नाव काढील, पण ते असो. प्रत्यक्षात तो माणूस कर्नाटकातल्या उत्तर कन्नड जिल्ह्यातला सिद्दी, म्हणजे शतकांपूर्वी आफ्रिकेतून भारतात आलेल्यांच्या वंशातला, शेतमजूर आहे. हल्याळ, यल्लापूर, अंकोला या तालुक्यांत सिद्दींची वस्ती आहे, त्यांच्या बोलीत कोकणी आणि मराठी मिसळलेली आहे, आणि कर्नाटकात त्यांना २००३पासून अनुसूचित जमातीचा दर्जा आहे. त्याच्या हातातला कोयता आपल्याकडच्या ऊसतोड कामगाराच्या हातात असतो त्याच कामासाठी आहे. बीड जिल्ह्यातल्या मुलांनाही ते सुचत नाही. जे अवजार त्यांनी जन्मापासून पाहिले आहे, ते त्या हातात दिसताच शस्त्र होते.

त्याच तासाला मी दुसरे चित्र दाखवतो. हिंदी चित्रपटांत वर्षानुवर्षे दिसणारी, गुडघ्यापर्यंत लुगडे खोचलेली आणि मोडक्या हिंदीत बोलणारी मराठी मोलकरीण. इथे वर्ग उसळतो. "सर, असं कोण बोलतं?" "आमची आई अशी दिसते का?" मुले पडद्याशी भांडतात, कारण त्यांच्याजवळ भांडायला भांडवल असते. स्टुअर्ट हॉल या जमैकात जन्मलेल्या ब्रिटिश अभ्यासकाने १९७३मध्ये मांडले होते की, प्रेक्षक संदेश जसाच्या तसा गिळतोच असे नाही; तो मान्य करतो, घासाघीस करतो किंवा थेट उलटा वाचतो. माझ्या अनुभवात त्याला एक पुरवणी जोडावी लागते. उलटा वाचायला हाताशी दुसरे काहीतरी लागते, आणि ते नसेल तर हुशारातला हुशार मुलगाही सरळच वाचतो.

आपल्यालाही एकाच चित्रात कोंडले जाण्याचा अनुभव आहे. मराठवाडा म्हटले की मुंबई-दिल्लीच्या संपादकाच्या डोळ्यांपुढे भेगाळलेली जमीन, आकाशाकडे पाहणारा म्हातारा आणि टँकरभोवती घागरींची गर्दी येते. एप्रिल २०१६मध्ये मिरजेहून लातूरला रेल्वेने पाणी आणले गेले, तेव्हा आम्ही छायाचित्रकारांनी ते चित्र जगभर पोहोचवले आणि ते खरेही होते. पण त्यानंतर कित्येक वर्षे, भर पावसाळ्यात मांजरा दुथडी भरून वाहत असतानासुद्धा, माझ्याकडे बाहेरून मागणी येई ती भेगांच्याच फोटोची. ही गोष्ट वंशाची नव्हे आणि दोन्हींची तुलना फार ताणू नये. भेगांच्या फोटोमुळे लातूरच्या माणसाला कोणी रस्त्यात मारत नाही. तरी खरे चित्रसुद्धा एकटेच पुन्हा पुन्हा छापले तर खोटे कसे होते, हे मुलांना यावरून चटकन कळते. जॉर्ज गर्बनर यांनी अमेरिकेत दूरचित्रवाणीचा अनेक वर्षे अभ्यास करून हेच सांगितले की, एखाद्या कार्यक्रमाने फारसे काही होत नाही, रोजच्या पुनरावृत्तीने होते.

आता माझ्या मूळ धंद्याकडे येतो, कारण पुस्तकांत हा भाग बहुधा दोन ओळींत उरकलेला असतो. वंशाची प्रतिमा कथेत आणि संवादात घडते असे आपण मानतो, पण ती त्याच्याही आधी, प्रकाश मोजण्यात घडते. कॅमेऱ्यातला मीटर समोरच्या दृश्यातून परत येणारा प्रकाश मोजतो आणि ते दृश्य एकंदरीत मध्यम करड्या रंगाचे आहे असे गृहीत धरतो. जालन्याच्या बाजारात भर दुपारी पांढरी टोपी आणि पांढरे धोतर घातलेल्या काळ्यासावळ्या शेतकऱ्याचा फोटो मीटरच्या भरवशावर काढा. मीटरला सगळे पांढरेच दिसते, तो प्रकाश कमी करतो, टोपीची घडी न् घडी उठून येते आणि टोपीखालचा चेहरा कोळसा होतो. डोळे दिसत नाहीत, हसू दिसत नाही. चेहऱ्याला जपायचे तर एक-दीड स्टॉप उघडून, म्हणजे जास्त प्रकाश आत घेऊन, टोपीवर पाणी सोडावे लागते. हे माझ्या उस्तादांनी मला पहिल्या महिन्यात शिकवले. पण घाईत असलेला छायाचित्रकार ते करत नाही, आणि छापून येतो तो एक चेहरा नसलेला माणूस.

रंगीत फिल्म आल्यावर ही अडचण कारखान्यातच शिरली. १९५०च्या दशकापासून कोडॅक कंपनी प्रयोगशाळांना रंग जुळवण्यासाठी एक नमुना छायाचित्र पुरवत असे. त्यात एक गोरी तरुणी असे आणि पहिल्या मॉडेलच्या नावावरून त्याला 'शर्ली कार्ड' म्हणत. तिची कातडी बरोबर आली म्हणजे यंत्र बरोबर लागले. गोरे आणि काळे विद्यार्थी एकाच फोटोत असले की काळ्या मुलांचे फक्त डोळे आणि दात उमटत, अशी पालकांची तक्रार होती. पण फिल्ममध्ये गडद छटा सुधारण्याचा रेटा आला तो चॉकलेट आणि लाकडी फर्निचर बनवणाऱ्यांकडून, कारण त्यांच्या जाहिरातींत तपकिरी रंगांतले फरक दिसत नव्हते. वेगवेगळ्या वर्णांच्या स्त्रिया असलेले नमुना कार्ड यायला १९९०चे दशक उजाडावे लागले. यात कोणी काळ्या माणसांविरुद्ध कट केला होता असे नाही. 'नेहमीचा माणूस' कोण, हे एकदा ठरले आणि पुढचे सगळे यंत्राने केले. हीच कथा संगणकाच्या युगात पुन्हा घडली. २०१८मध्ये जॉय बुओलाम्विनी आणि टिम्निट गेब्रू यांनी चेहऱ्यावरून स्त्री की पुरुष हे ओळखणाऱ्या तीन व्यावसायिक प्रणाली तपासल्या, तेव्हा गोऱ्या पुरुषांच्या बाबतीत चुकीचे प्रमाण फार तर ०.८ टक्के निघाले आणि गडद वर्णाच्या स्त्रियांच्या बाबतीत ते ३४.७ टक्क्यांपर्यंत गेले.

आमच्या जालन्याच्या लॅबमध्ये शर्लीबाई भिंतीवर नव्हत्या, पण काउंटरवर रोज उभ्या असत. लग्नसराईत रोल धुऊन प्रिंट निघाले की मुलीचे मामा यायचे आणि हळूच म्हणायचे, "भाऊ, नवरी जरा उजळ करा, पाहुण्यांकडं अल्बम जाणार हाय." मग आम्ही डेन्सिटी, म्हणजे प्रिंटचा गडदपणा, दोन घर खाली आणायचो. नवरीबरोबर मागची भिंत, सासऱ्यांचा शर्ट आणि ताटातला भातही उजळून निघे. पुढे संगणकावर जुळवलेले करिझ्मा अल्बम आले, फोटोशॉप आले आणि फक्त नवरीच गोरी करता येऊ लागली. आता फोनचा कॅमेरा तर न विचारताच ते करतो. मी हे हजारो वेळा केले आहे आणि त्याचे पैसे घेतले आहेत, म्हणून इथे दुसऱ्या कोणाकडे बोट दाखवत नाही. १९७५मध्ये बाजारात आलेल्या 'फेअर अँड लव्हली'चे नाव २०२०मध्ये 'ग्लो अँड लव्हली' झाले, त्याच वर्षी एका मोठ्या विवाहविषयक संकेतस्थळाने वर्णावरून स्थळे गाळण्याची सोय काढून टाकली, आणि हे सारे अमेरिकेत जॉर्ज फ्लॉइड या काळ्या माणसाच्या पोलिसांच्या हातून झालेल्या मृत्यूनंतर उठलेल्या आंदोलनाच्या लाटेत झाले. मामा मात्र अजून येतात. गंमत अशी की, हेच मामा आषाढात पंढरीला जाऊन सावळ्या रूपापुढे डोळे मिटून उभे राहतात, आणि अजिंठ्याच्या पहिल्या लेण्यात ज्या गडद वर्णाच्या राजकन्येपुढे जगभरचे पर्यटक थबकतात, ती त्यांच्या घरापासून तीन तासांच्या अंतरावर आहे. सावळ्याला सुंदर म्हणणारी नजर या मातीत होती. ती अभंगात आणि लेण्यात राहिली, आणि लग्नाच्या अल्बममधून निघून गेली.

वृत्तपत्राच्या टेबलावर हीच गोष्ट शब्दांची होते. माझी स्वतःची एक चूक सांगतो. मुंबईत अमली पदार्थांच्या प्रकरणात एका परदेशी माणसाला अटक झाल्याची बातमी रात्री साडेअकराला आली. त्यात 'आफ्रिकी नागरिक' एवढेच होते. मला चार स्तंभांत बसणारा मथळा हवा होता आणि मी लिहिले, 'नायजेरियन तस्कर गजाआड'. लिहिताना मला आपण काही ठरवतो आहोत असे वाटलेसुद्धा नाही. हात आपोआप चालला. दुसऱ्या दिवशी कळले की तो टांझानियाचा होता. नायजेरिया आणि टांझानिया यांत अख्ख्या खंडाची रुंदी आहे. आम्ही दुरुस्ती छापली नाही, कारण कोणी तक्रार केली नाही, आणि तक्रार करील असा वाचक आमच्या जिल्ह्यात नव्हता. मराठी बातम्यांत आफ्रिकेतला कोणताही आरोपी 'नायजेरियन' होतो आणि आफ्रिकेतला डॉक्टर, संशोधक किंवा शेतकरी मुळात बातमीत येतच नाही; तुमच्या साठ मुलांची साठ सारखी उत्तरे या दोन गोष्टींच्या बेरजेतून निघालेली आहेत.

अमेरिकेतले याचे प्रसिद्ध उदाहरण २००५च्या कॅटरिना वादळातले आहे. न्यू ऑर्लिन्समध्ये छातीइतक्या पाण्यातून सामान घेऊन जाणाऱ्या माणसांची दोन छायाचित्रे दोन वृत्तसंस्थांनी दिली. काळ्या तरुणाच्या फोटोखाली त्याने किराणा दुकान 'लुटल्याचे' लिहिले होते, आणि गोऱ्या जोडप्याच्या फोटोखाली त्यांना पाव आणि सोडा 'सापडल्याचे'. न्यायाने सांगायला हवे की, दोन्ही छायाचित्रकारांनी आपापल्या डोळ्यांनी पाहिलेले लिहिले असा खुलासा नंतर झाला आणि त्यांतल्या कोणाचा हेतू वाईट होता असे सिद्ध झालेले नाही. मला मात्र हे उदाहरण त्यामुळेच अधिक उपयोगी वाटते. हेतू स्वच्छ असूनही शेजारी शेजारी ठेवलेल्या त्या दोन ओळींनी वाचकाच्या मनात जे व्हायचे ते होतेच. उलट १९९४मध्ये खुनाच्या आरोपावरून अटक झालेले काळे माजी खेळाडू ओ. जे. सिम्पसन यांचे पोलिसांनी काढलेले छायाचित्र 'टाइम' साप्ताहिकाने मुखपृष्ठावर गडद करून छापले आणि त्याच आठवड्यात 'न्यूजवीक'ने तेच छायाचित्र जसेच्या तसे छापले, तेव्हा दुकानाच्या मांडणीवरच दोन्हींतला फरक उघडा पडला आणि 'टाइम'वर टीकेची झोड उठली. असे पकडले जाणे दुर्मीळ असते.

अशा भरलेल्या जागेला अफवेची ठिणगी लागली की काय होते, ते आपल्याच देशात दिसले आहे. मार्च २०१७मध्ये ग्रेटर नोएडात एका शाळकरी मुलाचा मृत्यू झाला, शेजारच्या आफ्रिकी विद्यार्थ्यांवर संशय घेतला गेला, त्यांनी मुलाला खाल्ले अशीसुद्धा अफवा पसरली, आणि जमावाने दुसऱ्याच आफ्रिकी विद्यार्थ्यांना एका मॉलमध्ये शिरून मारले. माणसे माणसांना खातात, यावर एकविसाव्या शतकातल्या शहरी जमावाचा क्षणात विश्वास बसला, तो त्या एका दिवसाच्या संदेशामुळे बसला असे मला वाटत नाही. कढईभोवती नाचणारे काळे रानटी लोक आपण लहानपणी कितीतरी विनोदी चित्रांत पाहिलेले असतात. ऑगस्ट २०१२मध्ये मोबाइलवरच्या अफवांमुळे ईशान्य भारतातले हजारो तरुण बेंगळुरू, पुणे सोडून गावी निघाले आणि २०२०मध्ये त्याच तरुणांना रस्त्यात 'कोरोना' म्हणून हिणवले गेले. तिथेही मोकळी जागा होतीच. हिंदी पडद्यावर ईशान्येचा माणूस बराच काळ एक तर दिसतच नव्हता किंवा पहारेकरी म्हणून दिसत होता, आणि मणिपूरच्या मेरी कोम यांच्यावर २०१४मध्ये चित्रपट निघाला तेव्हा मुख्य भूमिकेसाठी प्रियंका चोप्रा यांची निवड झाली.

यावर सोपा उपाय म्हणून 'चांगल्या भूमिका द्या' असे सांगितले जाते. ते आवश्यक आहे, पण त्याची मर्यादाही तुम्ही वर्गात सांगावी. १९१५चा 'द बर्थ ऑफ अ नेशन' हा अमेरिकी चित्रपट काळ्यांना क्रूर आणि कू क्लक्स क्लॅन या काळ्यांवर हल्ले करणाऱ्या गोऱ्यांच्या संघटनेला तारणहार दाखवतो. त्याच वर्षी क्लॅन ही संघटना नव्याने उभी राहिली, हे वाईट प्रतिमेचे टोक झाले. दुसरे टोक १९८४ ते १९९२ या काळातली 'द कॉस्बी शो' ही मालिका. डॉक्टर बाप, वकील आई, सुखवस्तू काळे कुटुंब, आणि ते गोऱ्यांनाही अतिशय आवडलेले. सट जाली आणि जस्टिन लुईस या अभ्यासकांनी १९९२मध्ये प्रेक्षकांशी बोलून जे नोंदवले ते विचारात टाकणारे होते. अनेक गोऱ्या प्रेक्षकांना ती मालिका पाहून वाटू लागले की आता भेदभाव संपला, आणि जे काळे मागे राहिले ते स्वतःच्या आळसामुळे. एक चांगले चित्रही एकटे पडले की असे उलटते.

आता मराठवाड्याचा म्हणून जो भाग आहे तो. तुमची मुले सहलीला ज्या शहरात येतात ते संभाजीनगर, म्हणजे पूर्वीचे औरंगाबाद, खडकी या नावाने १६१०मध्ये वसवले मलिक अंबरने. १५४८मध्ये इथिओपियात जन्मलेला, गुलाम म्हणून विकला गेलेला, बगदादमार्गे दख्खनेत आलेला आणि पुढे निजामशाहीचा कारभार हाती घेऊन मुघलांना दोन दशके झुंजवणारा हा माणूस १६२६मध्ये वारला आणि खुलताबादला त्याची कबर आहे. त्याने आणलेल्या नहरीचे पाणी शहराने शतकानुशतके प्यायले. वेरूळच्या भोसल्यांचे शहाजीराजे १६२४मध्ये भातवडीच्या लढाईत त्याच्या बाजूने लढले. त्याला पकडता न आलेल्या जहांगीर बादशहाने १६१६च्या सुमारास अबुल हसन या दरबारी चित्रकाराकडून एक चित्र काढून घेतले, जे आज डब्लिनच्या चेस्टर बीटी संग्रहालयात आहे. त्यात भाल्यावर टोचलेले मलिक अंबरचे काळे मस्तक आहे, त्याच्याजवळ अशुभाची खूण म्हणून घुबडे आहेत, आणि पृथ्वीगोलावर उभा असलेला बादशहा त्या मस्तकाला बाण मारतो आहे. रणांगणात न झालेला विजय कागदावर झाला. हाशिम या दुसऱ्या मुघल चित्रकाराने काढलेले त्याचे चित्र लंडनच्या व्हिक्टोरिया अँड अल्बर्ट संग्रहालयात आहे. त्यात पांढऱ्या पोशाखातला एक भारदस्त, वयस्क सरदार शांत उभा आहे. एकच माणूस, एकाच दरबाराचे चित्रकार, आणि दोन चित्रे. ही दोन्ही पडद्यावर शेजारी शेजारी लावून मी थांबतो. पुढचा अर्धा तास मुलेच बोलतात. त्यांच्यातल्या निम्म्यांना मलिक अंबर माहीत असतो, पण तो आफ्रिकेतून आलेला होता हे बहुतेकांच्या मनात कधी उमटलेलेच नसते. 'हबशी' हा आफ्रिकेतून आलेल्या माणसासाठीचा शब्द त्यांनी वाचलेला असतो. त्याला चेहरा नसतो.

माध्यमांची बाजू केवळ हानीचीच आहे असे लिहिले तर मीच अर्धे चित्र छापल्यासारखे होईल. जोतीराव फुल्यांनी १८७३मध्ये 'गुलामगिरी' अर्पण केली ती निग्रोंना दास्यातून मुक्त करणाऱ्या अमेरिकेतल्या सदाचारी लोकांना, आणि फुले अमेरिकेला गेलेले नव्हते. त्यांनी जे जाणले ते छापील कागदातूनच. १९४६मध्ये बाबासाहेबांनी अमेरिकेतले काळे विचारवंत डब्ल्यू. ई. बी. ड्यू बॉइस यांना पत्र लिहिले. त्यांनीच १९५०मध्ये औरंगाबादला सुरू केलेल्या मिलिंद महाविद्यालयाच्या परिसरात पुढे काळ्या अमेरिकी साहित्याची चर्चा होऊ लागली, 'अस्मितादर्श' या नियतकालिकातून गंगाधर पानतावण्यांनी दलित लेखनाला घर मिळवून दिले, आणि लातूरच्या जनार्दन वाघमारे यांनी अमेरिकेतल्या काळ्यांच्या साहित्याची मराठी वाचकाला सविस्तर ओळख करून दिली. १९७२मध्ये मुंबईत दलित पँथर स्थापन झाली, ती सहा वर्षांपूर्वी अमेरिकेत ओकलंडमध्ये निघालेल्या काळ्यांच्या ब्लॅक पँथर पक्षाच्या नावावरून. यांतल्या बहुतेकांनी काळा अमेरिकी माणूस समोर बसून पाहिला नसेल. तुमच्या विद्यार्थ्यांसारखीच त्यांचीही ओळख न भेटलेल्या माणसांशी होती. फरक इतकाच की त्यांनी त्या माणसांनी स्वतः लिहिलेले वाचले होते, आणि वाचताना स्वतःच्या अंगावरचे वळ त्यांच्या हाताशी होते. जात आणि वंश एक नव्हेत हे बाबासाहेबांनीच बजावून ठेवले आहे. तरी एका अन्यायाच्या अनुभवावरून दुसरा वाचता येतो, एवढे त्या पिढीने दाखवले.

म्हणून वर्गात काय करावे, याचे माझे उत्तर फार मोठे नाही. 'भेदभाव करू नये' यावर व्याख्यान देऊ नका. मुले होकारार्थी माना डोलावतात आणि मधल्या सुट्टीत एकमेकांना 'काळ्या', 'नेपाळी' म्हणून हाका मारतात. त्याऐवजी त्यांच्या हातांना काम द्या. आठवडाभराची मराठी वृत्तपत्रे घेऊन आफ्रिका खंडातला माणूस किती वेळा आला आणि कोणत्या पानावर आला, हे त्यांना मोजू द्या. यादी फार छोटी निघेल आणि ती छोटी निघणे हाच धडा आहे. फोनच्या कॅमेऱ्यातला सौंदर्याचा फिल्टर बंद करून एकमेकांचे फोटो काढायला लावा, आणि मग तो चालू करून पुन्हा काढायला लावा. फिल्टर कोणाला किती बदलतो, हे त्यांना स्वतःच्या गालावर दिसेल. त्या तासाला वर्ग जरा जपून हाताळावा लागतो, कारण एखादी मुलगी हमखास गप्प होते. तिला नंतर बाजूला घेऊन बोलावे, सर्वांसमोर नव्हे. आणि जमले तर भेट घडवा. संभाजीनगरच्या विद्यापीठात येमेन, सुदान अशा देशांतले विद्यार्थी शिकायला येत आले आहेत. त्यांना 'आमच्या मुलांना तुमच्या देशाविषयी सांगा' म्हणून बोलावू नका, कारण मग तो तरुण तासभर एका खंडाचा प्रतिनिधी होऊन बसतो. त्याला त्याचा विषय शिकवायला बोलवा, सांख्यिकी असेल तर सांख्यिकी. मी एका ठिकाणी हे केले तेव्हा तास संपल्यावर मुलांनी विचारलेला पहिला प्रश्न परीक्षेत हे किती गुणांना येते, असा होता.

छायाचित्रांचा संच मी अंबाजोगाईच्या एसटीने पार्सल करतो आहे. चित्रे आठ बाय दहाची आहेत आणि मागच्या बाकांवरून दिसत नाहीत, त्यामुळे मुलांना गोल बसवा. मूळ ओळी प्रत्येक चित्राच्या मागे पेन्सिलने लिहिलेल्या आहेत. चौदाव्याच्या मागे कागद चिकटवून ठेवला आहे, तो तास संपायच्या दहा मिनिटे आधी काढा, त्याआधी नको. आणि संच परत पाठवताना मुलांनी लिहिलेल्या चौदाव्या क्रमांकाच्या ओळी तेवढ्या सोबत पाठवा.